कुलूप आत, साक्षीदार बाहेर

हातकणंगले या नावाचा लोकसभा मतदारसंघ देशाच्या नकाशावर दोनदा आला. पहिल्यांदा तो १९६२, १९६७ आणि १९७१ अशा तीन निवडणुकांपुरता होता. १९७७ पासून त्याच परिसराचा मतदारसंघ इचलकरंजी या नावाने ओळखला गेला. २००८ च्या पुनर्रचनेत इचलकरंजीचे नाव गेले आणि हातकणंगले परत आले. शाहूवाडी, हातकणंगले, इचलकरंजी, शिरोळ हे कोल्हापूर जिल्ह्यातले चार आणि इस्लामपूर, शिराळा हे सांगली जिल्ह्यातले दोन विधानसभा मतदारसंघ मिळून आजचा हातकणंगले होतो. या दोन जन्मांमधल्या तीसेक वर्षांत मतदानाची रीत पार बदलून गेली. पहिल्या जन्मातल्या तिन्ही निवडणुका कागदावर झाल्या: मतपत्रिका, शिक्का, लोखंडी पेटी. दुसऱ्या जन्मात सुरुवातीला कागद आलाच नाही. २००९ आणि २०१४ साली इथल्या मतदाराने बटण दाबले, आवाज ऐकला आणि घरी गेला. त्याचे मत कुठे नोंदले गेले याची कागदी खूण त्याच्या डोळ्यांपुढे आली नाही. २०१९ आणि २०२४ साली त्याच्यासमोर व्हीव्हीपॅट या जोडयंत्राच्या काचेआड सात सेकंद एक चिठ्ठी उजळली आणि खाली पडली. एकाच नावाच्या मतदारसंघात मत कुलपात ठेवण्याच्या तीन पद्धती होऊन गेल्या, आणि म्हणूनच बंद केलेल्या यंत्राचा इतिहास सांगायला हातकणंगले ही जागा मला योग्य वाटते.

यंत्र बंद करणे म्हणजे काय, हे आधी नीट समजून घ्यायला हवे. आपल्या हातातल्या फोनमध्ये किंवा कचेरीतल्या संगणकात प्रणालीच्या पोटात काही फायली अशा असतात, की त्या स्वतः काहीच काम करत नाहीत, फक्त पहारा देतात. कोणते अॅप चालू द्यायचे, त्यावर कोणाची डिजिटल सही आहे, कॅमेऱ्याला आणि साठवणीला कोणी हात लावायचा, हे त्या ठरवतात. बँकेचे एटीएम असो, रेशन दुकानातले अंगठ्याचे यंत्र असो, त्यातला पहारा साधारण याच जातीचा. या पहाऱ्याची गोम अशी, की तो स्वतःही एक प्रोग्रामच असतो. त्यात चूक सापडली तर दुरुस्ती धाडता येते. आणि दुरुस्ती धाडता येते त्याच वाटेने बिघाडही धाडता येतो. भारतीय मतदान यंत्राच्या रचनाकारांनी ही वाटच बुजवली. त्यात ऑपरेटिंग सिस्टिम नाही, जाळ्याला जोडणी नाही, नवा प्रोग्राम चढवायला दार नाही. जो प्रोग्राम आहे तो चिपमध्ये एकदाच कोरलेला असतो आणि तो पुसून दुसरा लिहिता येत नाही, असे निवडणूक आयोग सांगत आला आहे. अभियांत्रिकी म्हणून हा निर्णय शहाणपणाचा होता असे माझे मत आहे. पण कुलूप जितके आत गेले, तितके ते सामान्य माणसाच्या नजरेआड गेले, आणि मतदानावरचा भरवसा टिकवण्यासाठी बाहेर साक्षीदारांची, सह्यांची, कागदी पट्ट्यांची रांग वाढवावी लागली. गेल्या सत्तर वर्षांत मतदानाची इभ्रत या रांगेने राखली आहे, आणि आज ती रांग जिथे तोकडी पडते तिथेच शंका उगवते. एवढेच मला पुराव्यानिशी मांडायचे आहे.

कुलूप आत सरकण्याची सुरुवात विक्रोळीत झाली. १९५१-५२ च्या पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीसाठी गोदरेज कंपनीने तिथल्या कारखान्यात बारा लाखांहून अधिक मतपेट्या बनवल्या. बाहेरून कुलूप लावायचे तर पेटीची किंमत वाढत होती, म्हणून कारखान्यातले कारागीर नाथालाल पांचाळ यांनी पेटीच्या झाकणाआतच अडकणारी कडी योजली. या स्वदेशी पेटीचे श्रेय आजही त्यांना दिले जाते. त्या निवडणुकीत, आणि नंतर १९५७ सालीही, प्रत्येक उमेदवाराची पेटी वेगळी असे. पेटीवर चिन्ह चिकटवलेले. मतदाराने कोरी मतपत्रिका आपल्या पसंतीच्या पेटीत टाकायची. पहिल्या निवडणुकीची मतपत्रिका एक रुपयाच्या नोटेएवढी होती आणि नोटांप्रमाणेच नाशिकच्या छापखान्यात छापली होती. पण पेट्या पडद्याआड ठेवलेल्या असल्यामुळे एका पेटीतली पत्रिका दुसरीत गेली का, मतदाराने ती आत टाकली की खिशात घालून बाहेर विकली, हे कोणाला दिसत नसे. आतली कडी पक्की होती, तरी साक्षीदार पडद्याच्या अलीकडे अडकला होता. म्हणून १९६२ पासून सार्वत्रिक निवडणुकीत एकच पत्रिका, तिच्यावर सगळी चिन्हे, हव्या त्या चिन्हावर शिक्का आणि सगळ्यांसमोर ठेवलेली एकच पेटी ही पद्धत आली. हातकणंगलेची पहिली लोकसभा निवडणूक नेमकी याच वर्षीची. म्हणजे हा मतदारसंघ जन्मला तोच शिक्क्याच्या युगात. आजही इकडे मत देण्याला ‘शिक्का मारणे’ म्हणतात. बटण येऊन वीस वर्षे झाली तरी क्रियापद कागदावरचेच राहिले.

कागदाच्या काळाबद्दल आज जो हळवेपणा बोलण्यात येतो, तो इतिहासाला धरून नाही. पेट्या पळवल्या गेल्या, गठ्ठ्यांवर धडाधड शिक्के उठले, दोन चिन्हांच्या मध्ये पडलेल्या शिक्क्यांमुळे हजारो मते बाद झाली. आणि कागदावर गूढ शंकाही घेतल्या गेल्या. १९७१ च्या निवडणुकीत दक्षिण दिल्लीतून हरलेले जनसंघाचे बलराज मधोक यांनी आरोप केला, की मतपत्रिकांवर आधीच रासायनिक प्रक्रिया केली होती. मतदाराने मारलेला शिक्का विरून जातो आणि दुसऱ्याच चिन्हावर खूण उमटते. आज हे वाचून विचित्र वाटेल, पण त्या वेळी देशभर चर्चा झाली. सर्वोच्च न्यायालयाने हा आरोप हसण्यावारी नेला नाही आणि सगळ्या पेट्याही उघडल्या नाहीत. नमुन्यादाखल काही मतपत्रिका तपासायला परवानगी दिली. त्यातून आरोपाला आधार मिळाला नाही आणि प्रकरण निवले. या निकालाला मी फार महत्त्व देतो. शंका खोटी निघाली हे तर खरेच, पण ती निवली कशामुळे? कागद उघडून पाहता येत होता म्हणून. शाई विरते की नाही हे पाहायला शास्त्रज्ञच लागेल असे नव्हते. पत्रिका हातात घेऊन उजेडात धरणारा कोणीही साक्षीदार होऊ शकत होता.

यंत्राची कल्पना १९७७ साली मुख्य निवडणूक आयुक्त श्यामलाल शकधर यांच्या काळात पुढे आली. हैदराबादच्या ईसीआयएल या कंपनीने नमुना बनवला, ६ ऑगस्ट १९८० रोजी तो राजकीय पक्षांना दाखवला गेला, पुढे बंगळूरची भारत इलेक्ट्रॉनिक्सही या कामात आली. १९ मे १९८२ ला केरळमधल्या परूर मतदारसंघातल्या ५० केंद्रांवर हे यंत्र पहिल्यांदा वापरले. भाकपचे सिवन पिल्लै १२३ मतांनी जिंकले. काँग्रेसचे ए. सी. जोस न्यायालयात गेले आणि मार्च १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने, कायद्यात यंत्राची तरतूदच नाही, असे म्हणून त्या ५० केंद्रांवर पुन्हा मतदान घ्यायला लावले. फेरमतदान कागदावर झाले आणि जोस जिंकले. या खटल्यात यंत्र खोटे ठरले नव्हते, हे लक्षात घ्यावे. न्यायालयाचा प्रश्न एवढाच होता, की हे कुलूप कोणाच्या अधिकाराने लावले. १९८८ च्या अखेरीस लोकप्रतिनिधित्व कायद्यात कलम ६१-अ आले, १९९२ साली नियम झाले, १९९८ साली मध्य प्रदेश, राजस्थान आणि दिल्लीतल्या १६ विधानसभा मतदारसंघांत यंत्र पुन्हा उतरले आणि २००४ साली देशातल्या सगळ्या ५४३ जागांवर तेच होते. आपल्या भागाने त्या वर्षी इचलकरंजी या नावानेच यंत्रावर मतदान केले.

यंत्राने जे दिले ते नाकारण्यात अर्थ नाही. बाद मते जवळजवळ संपली. मिनिटाला चार-पाचांपेक्षा जास्त मते ते स्वीकारत नाही, त्यामुळे केंद्र बळकावून तासाभरात हजार शिक्के मारण्याचा उद्योग परवडेनासा झाला. आणि मतदान केंद्राध्यक्षाने ‘क्लोज’चे बटण दाबले की दांडगाई करणाऱ्याच्या हाती प्लास्टिकची मुकी पेटी उरते. पण यंत्राने कुलूप जिथे नेऊन ठेवले ती जागा पाहा. ते आता कडीत नव्हते. नखाएवढ्या चिपमध्ये होते. सुरुवातीच्या काळात तर ही चिप परदेशातच प्रोग्रामसह तयार होत असे, कारण तशी चिप भारतात बनत नव्हती. प्रोग्राम आपल्या अभियंत्यांनी लिहिलेला, पण तो चिपमध्ये उतरवणारा हात दुसऱ्याचा. आयोगाने याला उत्तर दिले, की परदेशी कंपनीला फक्त यंत्रभाषेतली आकड्यांची माळ दिली जाते, आणि कोणत्या मतदारसंघात कोणत्या उमेदवाराचा क्रमांक काय लागेल हे तेव्हा कोणालाच ठाऊक नसते. युक्तिवाद वजनदार आहे. कारण यादीतला क्रम नावांच्या आद्याक्षरांवर ठरतो, आणि कारखान्यात बसून हातकणंगलेत तिसरे बटण कोणाचे असेल हे ओळखणे अशक्य आहे.

तरीही २०१० साली एक धक्का बसला, आणि त्याचा धागा महाराष्ट्रापर्यंत आला. हैदराबादचे हरी प्रसाद, अमेरिकेतले अॅलेक्स हाल्डरमन आणि नेदरलँडचे रॉप गाँग्रेप या तंत्रज्ञांनी एक खरे मतदान यंत्र उघडून दाखवले. ते यंत्र मुंबईतल्या सरकारी गोदामातून चोरीला गेलेले होते असा गुन्हा मुंबई पोलिसांनी नोंदवला आणि ऑगस्टमध्ये हरी प्रसाद यांना अटक झाली. आठवड्याभराने जामीन मिळाला. या त्रयीने चिपमधल्या कोरलेल्या प्रोग्रामला हातही लावला नव्हता. त्यांनी निकाल दाखवणारी आकड्यांची पाटी बदलली. आणि दुसऱ्या प्रयोगात, मते ज्या निराळ्या मेमरी चिपमध्ये साठतात तिच्यावर कपड्याच्या चिमट्यासारखे एक छोटे उपकरण अडकवून आकडे फिरवून दाखवले. तिजोरीचे दार अभेद्य, पण हिशेबाची वही बाहेर टेबलावर, असा तो प्रकार होता. आयोगाचे म्हणणे होते, की प्रत्यक्ष निवडणुकीत एवढा वेळ यंत्र कोणाच्या हाती एकटे सापडत नाही. ते उत्तर बरोबर होते, आणि त्यातच एक मोठी कबुलीही होती. यंत्र सुरक्षित आहे ते चिपमुळे नव्हे, ते कोणाच्या हाती एकटे सापडत नाही म्हणून, असाच त्याचा अर्थ होतो. पुढच्या पिढीच्या यंत्रांत, ज्यांना एम-३ म्हणतात, उघडायचा प्रयत्न होताच यंत्र बंद पडावे आणि एका युनिटने दुसऱ्याची ओळख पटवून घ्यावी, अशी सोय केली गेली. कुलूप आणखी एक पायरी आत गेले.

म्हणून ‘एकटे सापडू न देणे’ ही गोष्ट जवळून पाहायला हवी. मतदानाच्या दिवशी, मतदान सुरू होण्याच्या दीड तास आधी, शाळेच्या वर्गात केंद्राध्यक्ष आणि उमेदवारांचे प्रतिनिधी जमतात. अभिरूप मतदान, म्हणजे ज्याला सगळे मॉक पोलच म्हणतात, ते सुरू होते. प्रत्येक उमेदवाराला आणि ‘नोटा’लाही मत पडेल अशी किमान पन्नास मते टाकली जातात. ‘रिझल्ट’ दाबून आकडे आणि व्हीव्हीपॅटच्या चिठ्ठ्या जुळवल्या जातात. मग ‘क्लिअर’. सगळे शून्य झाल्याचे प्रत्येकाने पाहायचे. व्हीव्हीपॅटच्या खणातल्या चिठ्ठ्या काढून त्यांच्या पाठीवर मॉक पोलचा शिक्का मारायचा, जाड काळ्या कागदाच्या पाकिटात घालून पाकीट मोहोरबंद करायचे. आता कंट्रोल युनिटच्या, म्हणजे मते साठवणाऱ्या भागाच्या, निकालाच्या खणावर हिरवी कागदी पट्टी बसते. तिच्यावर केंद्राध्यक्षाची आणि प्रतिनिधींची सही, आणि प्रतिनिधी तिचा क्रमांक आपल्या वहीत टिपून घेतो. त्याआधी, कारखान्याच्या अभियंत्यांनी केलेल्या प्रथमस्तरीय तपासणीच्या वेळी, यंत्राच्या पेटीला नाशिकच्या सिक्युरिटी प्रेसमध्ये तयार झालेली गुलाबी पट्टी लागलेली असतेच. विशेष टॅग, पट्टी, दोरा, लाख आणि तिच्यावर पितळी शिक्का. एकविसाव्या शतकातली चिप आणि तिच्याभोवती जुन्या दफ्तरखान्यातली लाख व दोरा. हे मागासलेपण मुळीच नाही. चिपमध्ये काय चालले आहे हे त्या वर्गातल्या कोणालाच दिसत नाही. पट्टी फाटली आहे का, आकडा जुळतो का, हे मात्र चौथी शिकलेल्या प्रतिनिधीलाही दिसते. संध्याकाळी ‘१७-सी’ या नमुन्यावर एकूण किती मते नोंदली याचा हिशेब त्याच्या हाती पडतो, आणि मोजणीच्या दिवशी तो कागद घेऊनच त्याचा माणूस टेबलासमोर बसतो. विधी चुकला की चिपचे शहाणपण उपयोगी पडत नाही, याचाही दाखला आहे. २०१९ साली आंध्रातल्या मैदुकूरमधल्या एका केंद्रावर चिठ्ठ्या आणि यंत्र यांचा मेळ बसला नाही, आणि मॉक पोलची नोंद नीट पुसली गेली नव्हती हे त्याचे कारण निघाले.

हातकणंगलेच्या पट्ट्यात हा प्रश्न समजावून सांगायला फार शब्द खर्चावे लागत नाहीत. इथल्या शेतकऱ्याचे वर्षाचे उत्पन्न एका बंद यंत्रावर ठरते: कारखान्याच्या वजनकाट्यावर. उसाची बैलगाडी, ट्रॅक्टर काट्यावर चढतो, आकडा उमटतो, पावती मिळते. काट्याला वैधमापन खात्याची मोहोर असते. तरीही काटामारीची तक्रार साखरपट्ट्यात पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहे, शेतकरी संघटनांनी तिच्यावर आंदोलने केली आहेत आणि काटे तपासायला भरारी पथके फिरतात. शेतकऱ्याची मागणी कधीच ‘काट्याच्या आतली स्प्रिंग मला दाखवा’ अशी नव्हती. त्याला हवे होते दुसरे वजन: माझी गाडी बाहेरच्या काट्यावर तोलून आणू द्या आणि दोन्ही आकडे शेजारी ठेवा. यंत्राच्या पोटात शिरण्यापेक्षा त्याच्या उत्तराला स्वतंत्र उत्तराशी भिडवणे हे किती सोपे आणि किती पक्के आहे, हे ऊसवाल्याने संगणकशास्त्र न शिकता ओळखले आहे. निवडणुकीच्या पद्धतीला हे शहाणपण यायला २०१३ साल उजाडले.

त्या वर्षी ऑगस्टमध्ये नियम बदलले, सप्टेंबरात नागालँडमधल्या नोकसेन पोटनिवडणुकीत व्हीव्हीपॅट पहिल्यांदा वापरले गेले, आणि ऑक्टोबरमध्ये सुब्रमण्यम स्वामी यांच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने कागदी पुरावा ही मुक्त आणि निर्भय निवडणुकीची गरजच आहे असे सांगितले. २०१९ पर्यंत तो देशभर पोचला. मतदाराला दुसरे वजन मिळाले. पण चिठ्ठीच्या या खिडकीसोबत आणखी एक गोष्ट घडली, जिची चर्चा फार कमी होते. कंट्रोल युनिटला उमेदवारांची नावे ठाऊक नसतात. त्याच्या लेखी फक्त बटणांचे क्रमांक. व्हीव्हीपॅटला मात्र चिठ्ठीवर नाव आणि चिन्ह छापायचे असते, म्हणून उमेदवार ठरल्यावर ते त्यात भरावे लागते, आणि त्यासाठी सिम्बॉल लोडिंग युनिट नावाचे वेगळे उपकरण लागते. म्हणजे ज्या यंत्राला काहीही चढवायचे दार नाही असे अभिमानाने सांगितले जात होते, त्याच्या शेजारच्या पेटीला प्रत्येक निवडणुकीत दार उघडावे लागू लागले. सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल २०२४ च्या निकालात हे तपशिलाने पाहिले आणि चिन्ह म्हणजे फक्त चित्राची फाइल आहे, तिच्यामुळे मतमोजणीचा प्रोग्राम बदलत नाही, असे मान्य केले. मला हे पटते. त्याच निकालात न्यायालयाने ही लोडिंग युनिटेही मोहोरबंद करून निकालानंतर ४५ दिवस जपून ठेवायला सांगितली, तेही पटते. दार उघडले की पहारा वाढलाच पाहिजे.

आता आक्षेप. पहिला आणि सगळ्यांत जोरकस: इतक्या वर्षांत गैरप्रकार सिद्ध कुठे झाला? पुण्यातल्या पर्वती मतदारसंघातल्या २०१४ च्या विधानसभा निवडणुकीबद्दल मुंबई उच्च न्यायालयाने एक यंत्र हैदराबादच्या केंद्रीय न्यायवैद्यक प्रयोगशाळेत पाठवले. फेरफाराचा पुरावा सापडला नाही. चाळीस हजारांहून अधिक ठिकाणी चिठ्ठ्या मोजून पाहिल्या, मैदुकूरसारखे अपवाद सोडता जुळल्या. हातकणंगलेत याच यंत्रांनी राजू शेट्टी यांना २००९ आणि २०१४ साली निवडून दिले आणि २०१९ साली धैर्यशील माने यांच्याकडून ९६,०३९ मतांनी पराभूतही केले. हे सगळे मी खरे मानतो. ज्यांना यंत्रात चोरी झालीच आहे असे वाटते त्यांनी आजवर पुरावा दिलेला नाही, हेही स्पष्ट म्हटले पाहिजे. पण जिंकलेला तक्रार करत नाही आणि हरलेलाच करतो, हे म्हणणे मुद्द्याला धरून नाही. निवडणुकीची सारी व्यवस्था हरलेल्यासाठीच असते. जिंकलेल्याला पटवायला पुरावा लागत नाही. हरलेल्याला, त्याच्या कार्यकर्त्याला, त्याला मत देणाऱ्या गावाला आपण खरोखर हरलो हे पटावे, यासाठी सही, लाख आणि चिठ्ठी असते.

दुसरा आक्षेप असा, की नमुना तपासणी होते तेवढी पुरे. २०१९ साली सर्वोच्च न्यायालयाने विधानसभा क्षेत्रामागे एकाऐवजी पाच व्हीव्हीपॅट मोजायला सांगितले. हातकणंगलेत सहा विधानसभा क्षेत्रे, म्हणजे तीस. त्याआधी आयोगाने नेमलेल्या संख्याशास्त्रज्ञांनी हिशेब दिला होता, की देशभरातून ४७९ यंत्रे मोजली तरी पुरेत. गणित बिनचूक होते, पण ते देशाला दिलेले उत्तर होते. हातकणंगलेच्या मतदाराचा प्रश्न वेगळा आहे: माझ्या मतदारसंघाचा निकाल बरोबर लागला का? २०२४ साली इथे धैर्यशील माने यांनी सत्यजित पाटील-सरूडकर यांच्यावर १३,४२६ मतांनी विजय मिळवला. राजू शेट्टी तिसरे राहिले. एकूण मते तेरा लाखांच्या आसपास. केवळ गणित म्हणून पाहू. समजा एखाद्या मतदारसंघात शंभरातली दोनच यंत्रे सदोष आहेत. त्यांत सव्वीस हजार मते असतील, आणि त्यांतली चौथ्या हिश्शाहून थोडी जास्त मते इकडची तिकडे गेली, तर एवढे मताधिक्य उलटू शकते. वाटेल तशी निवडलेली तीस यंत्रे मोजून त्यांतले एक तरी सदोष यंत्र सापडण्याची शक्यता शंभरात पंचेचाळीस. सापडण्यापेक्षा निसटण्याचीच जास्त. असे काही घडले असा माझा सुतराम दावा नाही. ९६ हजारांच्या निकालाला तीस यंत्रे पुष्कळ आहेत आणि तेरा हजारांच्या निकालाला तीच तीस थोडी आहेत, एवढाच मुद्दा. किती मोजायचे हे मताधिक्यावर ठरायला हवे, आणि आजचा नियम मताधिक्याकडे पाहतच नाही.

तिसरा आक्षेप दुसऱ्या टोकाचा: मग यंत्रच नको, कागदावर चला. डिसेंबर २०२४ मध्ये सोलापूर जिल्ह्यातल्या माळशिरस तालुक्यातल्या मारकडवाडीने तसा प्रयत्न केला. नुकत्याच झालेल्या विधानसभा निवडणुकीतले आपल्या गावातल्या केंद्रांचे आकडे पटले नाहीत म्हणून गावकऱ्यांनी स्वखर्चाने मतपत्रिकांवर मतदान घेऊन पाहायचे ठरवले. प्रशासनाने आणि पोलिसांनी ते होऊ दिले नाही. कायद्याने असे मतदान ग्राह्य नव्हते, आणि गावासमोर उघड होणाऱ्या मतदानातून गुप्त मतदानाचा ताळा लागत नाही, हे आयोजकांनाही मान्य करावे लागेल. पण गावाला हा प्रश्न पडला तो यंत्रामुळेच. कागदाच्या काळात अनेक केंद्रांच्या मतपत्रिका मोजणीपूर्वी एकमेकींत मिसळता येत, म्हणजे कोणत्या गावाने कोणाला मत दिले हे कळू नये. यंत्राचा निकाल केंद्रवार लागतो. आता प्रत्येक गावाचा आकडा गावाला ठाऊक असतो, आणि पुढाऱ्यालाही. माणसाचे मत कुलपात गेले आणि गावाचे मत उघड्यावर आले. त्या उघड्या आकड्यावर गावाने प्रश्न विचारला तर त्याला बंदोबस्ताने उत्तर देणे चूक होते असे मला वाटते. निकालानंतर त्याच केंद्रांच्या चिठ्ठ्या मोजून दाखवायची सोय नियमात असती तर ते एका दुपारचे काम होते. जर्मनीच्या घटना न्यायालयाने मार्च २००९ मध्ये तिथली मतदान यंत्रे घटनाबाह्य ठरवली, तीही चोरी सापडली म्हणून नाही. मतदानाचे महत्त्वाचे टप्पे सामान्य नागरिकाला तज्ज्ञाविना तपासता आले पाहिजेत, ही कसोटी त्या यंत्रांना पार करता आली नाही. आपल्या यंत्रापाशी आज कागदी चिठ्ठी आहे, त्या यंत्रांपाशी नव्हती. म्हणून मी यंत्र फेकून देण्याच्या बाजूचा नाही. पण चिठ्ठी छापून न मोजता ठेवून दिली, तर ती कसोटी आपणही पार केलेली नाही.

सर्वोच्च न्यायालयाच्या २०२४ च्या निकालाने आणखी एक वाट दिली: दुसऱ्या आणि तिसऱ्या क्रमांकाच्या उमेदवाराने सात दिवसांत मागणी करून खर्च भरला, तर विधानसभा क्षेत्रातल्या पाच टक्के यंत्रांची ‘बर्न्ट मेमरी’ (चिपमध्ये कोरलेला प्रोग्राम) ती यंत्रे बनवणाऱ्या कंपनीच्या अभियंत्यांकडून तपासून घेता येते. हे पाऊल चांगले, पण दिशा पुन्हा आतली. कुलूप ज्याने केले त्यालाच ते ठीक आहे का विचारायचे, आणि उमेदवाराने शेजारी उभे राहून मान हलवायची. काटा बनवणाऱ्याकडूनच काट्याचा दाखला घेण्यासारखे ते आहे. बाहेरचा काटा तर त्याच मोजणीच्या सभागृहात असतो. यंत्रांच्या फेऱ्या संपल्या की निवडणूक निर्णय अधिकारी केंद्रांचे क्रमांक लिहिलेली पोस्टकार्डाएवढी पांढरी कार्डे चार घड्या घालून एका डब्यात टाकतात, डबा हलवतात आणि सगळ्यांदेखत एका क्षेत्रासाठी पाच कार्डे काढतात. बँकेच्या रोखपालाच्या खोलीसारख्या जाळीच्या कक्षात त्या पाच यंत्रांच्या चिठ्ठ्या उमेदवारवार खणांत लावतात, पंचवीस-पंचवीसच्या जुड्या बांधून मोजतात आणि यंत्राच्या आकड्याशेजारी आकडा लिहितात. जाळीबाहेरून प्रतिनिधी पाहत असतात. मताधिक्य कमी असेल तेव्हा आणखी कार्डे काढायला नवा शोध लागत नाही, परदेशी चिप लागत नाही. उरलेली कार्डे त्याच डब्यात असतात.